ग्लोमा नदी व तिच्या काठचे शेतकरी

नदी ही शेतकऱ्याची आई खरी. परंतु ती कोपली म्हणजे तिच्याइतकी कठोर वसुली सावकारही करीत नाही. नॉर्वे देशातील ग्लोमा नदीचा इतिहास या दोन्ही गोष्टींची साक्ष देतो. तो शेतकरी बंधूंस उपयोगी वाटेल, म्हणून येथे थोडक्यात दिला आहे.

ग्लोमा ही नॉर्वेतील सर्वांत लांब नदी होय. तिची लांबी सुमारे ६०० किलोमीटर असून देशाच्या एकंदर भूमीपैकी जवळजवळ आठव्या हिश्शाचे पाणी तिला मिळते. रोरोस या तांब्याच्या जुन्या खाणींच्या गावाजवळील डोंगराळ सरोवरांतून निघून ती दक्षिणेकडे वाहते व फ्रेडरिकस्टाड शहराजवळ समुद्रास मिळते. वाटेत पश्चिमेकडून लोगेन नदीचे पाणी म्योसा या देशातील सर्वांत मोठ्या सरोवरातून तिला येऊन मिळते. एल्वेरूमच्या खाली सोलोर नावाचा सपाट प्रदेश आहे. तेथील गाळवट जमिनीत धान्य व बटाटे चांगले पिकतात.

थंड देशात पाण्याची ददात कसली, असे वाचकांस वाटेल. परंतु लोगेनच्या वरच्या खोऱ्यात, विशेषतः शोक परगण्यात, उंच पर्वत पावसाचे ढग अडवितात. त्यामुळे वर्षाकाठी अवघा ३०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. तेथील शेतकऱ्यांनी शेकडो वर्षांपूर्वीपासून डोंगरातील ओढ्यांचे पाणी लांबलांबचे पाट खणून व लाकडी पन्हळी बसवून शेतावर आणिले. पाण्याच्या पाळ्या ठरलेल्या असत, आणि चरातील पाणी लाकडी फावड्याने पिकावर उडविण्यात येई. आता फवाऱ्याची यंत्रे आली आहेत.

नदीचा दुसरा मोठा उपयोग लाकडाच्या वाहतुकीचा होता. हिवाळ्यात तोडलेले ओंडके बर्फावरून ओढून नदीकाठी आणीत व वसंतात बर्फ वितळून पाणी वाढले म्हणजे प्रवाहात सोडून देत. प्रत्येक मालक आपल्या ओंडक्यावर कुऱ्हाडीने खूण करी. फेटसुंड येथे ते अडवून खुणेप्रमाणे निवडण्यात येत. हे काम १९८५ साली बंद झाले. समुद्राजवळील सार्प धबधब्यावर प्रथम लाकूड कापण्याच्या गिरण्या चालत. पुढे कागदाचा लगदा व वीज उत्पन्न करण्याचे कारखाने उभे राहिले. याच ठिकाणी १७०२ सालच्या फेब्रुवारीत, पाण्याने पोखरलेला चिकणमातीचा काठ ढासळून बोरेगार्ड नावाचा मोठा वाडा नदीत गडप झाला. त्यात १४ माणसे व सुमारे २०० गुरे दगावली.

याहून मोठे संकट १७८९ च्या जुलै महिन्यात आले. त्या वर्षी जमीन खोलवर गोठलेली होती. डोंगरावरील बर्फ उशिरा वितळले आणि त्याच सुमारास मुसळधार पाऊस झाला. गोठलेल्या जमिनीत पाणी मुरेना. दरडी कोसळल्या, शेतांवर दगडगोट्यांचे थर बसले आणि सत्तरांच्या आसपास माणसे प्राणास मुकली. सरकारी पाहणी होऊन पुष्कळ शेतांचा सारा कमी करण्यात आला. कित्येक कुटुंबे घरदार सोडून दूर उत्तरेकडील बार्डू व मोलसेल्व्ह खोऱ्यांत वसाहतीस गेली. त्या भागातील महसूल अधिकारी जेन्स होल्मबो यांनी वसाहतीच्या कामी पुढाकार घेतला होता. साऱ्याची सूट एका हंगामाचा भार हलका करील. वाहून गेलेली माती ती परत आणू शकत नाही, हे त्या स्थलांतराने दाखविले.

पुढे १९१८ साली जलशक्तीच्या मालकांनी संघ स्थापून सरोवरांतील पाण्याचे नियमन हाती घेतले. नदीकाठी बांधही झाले. तरीही १९९५ च्या जून महिन्यात उशिराचे बर्फ, एकाएकी आलेली उष्णता व पाऊस यांचा मेळ बसला व महापूर आला. सोलोरमधील काही बांध फुटून शेते पाण्याखाली गेली. त्यानंतर बांध अधिक उंच व भक्कम करण्यात आले. २०२३ च्या ऑगस्टमध्ये 'हान्स' वादळाच्या पावसात ब्रास्केराइडफॉस येथील वीजकेंद्राचे दरवाजे वेळेवर उघडले नाहीत. पाणी धरणावरून वाहू लागले व त्याचा एक भाग वाहून गेला.

एल्वेरूमजवळ ग्रिंडालेन येथे एक पूरशिळा असून निरनिराळ्या महापुरांच्या पाण्याची उंची तीवर कोरलेली आहे. पुराची आठवण दोन पिढ्यांत पुसट होते आणि मग मनुष्य नदीच्या पात्रालगत पुन्हा नांगर घालतो. दगडावरील खूण मात्र जागा सोडीत नाही. बांध बांधावा, दरवाजे तपासावे, पाण्याच्या पाळ्या नियमाने पाळाव्या. परंतु त्याबरोबरच पाणी कोठवर आले होते याची नोंद गावाच्या दप्तरी व शेताच्या कडेला अशा दोन्ही ठिकाणी असावी. जमीन विकत घेणाऱ्याने किंवा नवे घर बांधणाऱ्याने ती नोंद आधी पाहावी, यातच त्याचे हित आहे.