पहिला रणगाडा वळवायला चार माणसं लागायची, तीही एकमेकांचा आवाज ऐकू न येता

रणगाडा म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर एक ठरलेलं चित्र येतं. खाली लोखंडी पट्टे, वर गोल फिरणारा बुरूज आणि त्यातून बाहेर आलेली तोफेची लांब नळी. २६ जानेवारीच्या संचलनात दिसतो तसा.

पण लढाईत उतरलेला जगातला पहिला रणगाडा असा नव्हताच. त्याला वर बुरूज नव्हता, तोफा दोन्ही कुशींना लावलेल्या होत्या. पट्टे फक्त खाली नव्हते, तर अख्ख्या गाडीला वेढा घालून टपाच्या वरून फिरायचे. बाजूने बघितलं तर चौकोन कुणीतरी तिरका दाबून ठेवलाय असं वाटावं.

हा विचित्र आकार कुणाच्या डोक्यातून आला? खरं सांगायचं तर तो खंदकातून आला.

१९१४ च्या जुलैअखेरीस पहिलं महायुद्ध सुरू झालं आणि वर्ष संपेपर्यंत पश्चिम आघाडीवर सगळं जागच्या जागी थिजलं. बेल्जियमच्या समुद्रकिनाऱ्यापासून स्वित्झर्लंडच्या सीमेपर्यंत सुमारे ७०० किलोमीटर खंदकांची रांग. एका बाजूला जर्मन, दुसऱ्या बाजूला ब्रिटिश, फ्रेंच आणि बेल्जियन. मधल्या मोकळ्या पट्ट्यात काटेरी तारांचं जंजाळ आणि त्यावर रोखलेल्या मशीनगन. जो खंदकातून बाहेर पडेल तो मरेल, असा साधा हिशोब होता.

हा हिशोब किती भयानक होता ते १ जुलै १९१६ ला दिसलं. सोमच्या लढाईचा तो पहिला दिवस. एकट्या ब्रिटिश फौजेचे ५७,४७० लोक मारले गेले, जखमी झाले किंवा बेपत्ता झाले. त्यातले १९,२४० मेले. एका दिवसात.

तोपर्यंत यावर इलाज शोधणारी मंडळी कामाला लागून दीड वर्ष झालं होतं. गंमत म्हणजे जमिनीवरच्या या यंत्रासाठी पुढाकार घेतला तो नौदलाने. लष्करातल्या अर्नेस्ट स्विंटन या अधिकाऱ्याने पट्ट्यांवर चालणाऱ्या चिलखती गाडीची कल्पना १९१४ मध्येच मांडली होती, पण लष्कराने फार उत्साह दाखवला नाही. नौदलाचं खातं तेव्हा विन्स्टन चर्चिल यांच्याकडे होतं. त्यांनी फेब्रुवारी १९१५ मध्ये एक समिती नेमली. नाव काय, तर लँडशिप्स कमिटी, म्हणजे जमिनीवर चालणाऱ्या जहाजांची समिती.

समितीपुढचा प्रश्न तीन तुकड्यांचा होता. गोळ्या अडवायच्या, तारा तुडवायच्या आणि खंदक ओलांडायचा.

पहिले दोन सोपे होते. पोलादी पत्रा लावला की बंदुकीची गोळी अडते, तशा चिलखती मोटारी तेव्हा होत्याच. गाडी जड असली की तारा आपोआप चिरडल्या जातात. पण चाकांची जड गाडी चिखलात रुतते. त्यावर अमेरिकेतल्या होल्ट कंपनीचे ट्रॅक्टर डोळ्यांसमोर होते. आज पोकलेनला असतात तसे लोखंडी पट्टे त्यांना होते आणि ते युद्धात तोफा ओढत होते. पट्ट्यामुळे वजन मोठ्या जागेवर पसरतं आणि गाडी कमी रुतते.

अडलं ते खंदकापाशी.

इंग्लंडमधल्या लिंकन शहरात विल्यम फॉस्टर अँड कंपनी नावाचा शेतीची यंत्रं बनवणारा कारखाना होता. तिथले प्रमुख विल्यम ट्रिटन आणि नौदलाकडून आलेले इंजिनिअर वॉल्टर विल्सन यांच्याकडे काम सोपवलं गेलं. सप्टेंबर १९१५ मध्ये पहिलं यंत्र चाललं, ज्याला पुढे 'लिटल विली' म्हणू लागले. अमेरिकेहून मागवलेले पट्टे त्याला बसवले होते. खंदकावर आलं की पट्टा खाली लोंबायचा आणि सुटून पडायचा. शेताच्या सपाट जमिनीवर लोंबला तरी चालायचं, कारण खाली माती असायची. इथे खाली हवा होती.

ट्रिटन यांनी मग पट्टा नव्याने बनवला. दाबून आकार दिलेल्या पोलादी पट्ट्या, त्या गाडीच्या चौकटीतल्या खाचेत अडकून राहतील अशा. पट्टा लोंबणं थांबलं. पण तोवर लष्कराची मागणी वाढली होती. साडेचार फूट उंच बांध चढता आला पाहिजे आणि आठ फूट रुंद खंदक ओलांडता आला पाहिजे. लिटल विलीच्या आवाक्यातलं हे काम नव्हतं.

इथे जरा थांबून विचार करा. गाडी खंदक ओलांडते म्हणजे नेमकं काय होतं? तिचं नाक पलीकडच्या काठाला टेकेपर्यंत तिचा तोल मागच्या काठावर सांभाळला गेला पाहिजे. म्हणजे गाडी लांब हवी आणि वजन साधारण मध्यावर हवं. बांध चढायचा तर नाक उंच हवं, नाहीतर ते समोरच्या मातीत घुसेल.

चाक जितकं मोठं तितका मोठा खड्डा ते पार करतं. त्यामुळे ४० फूट व्यासाची चाकं असलेली गाडी बनवा, असाही प्रस्ताव आला होता. त्याचा लाकडी नमुनाही तयार झाला. पण चार मजली इमारतीएवढं चाक लपवणार कुठे? जर्मन तोफखान्याला याहून सोपं लक्ष्य मिळालं नसतं.

विल्सन यांची अक्कल इथे कामाला आली. अख्खं चाक कशाला, त्याचा फक्त जमिनीला टेकणारा भाग घेऊ. पट्ट्यांच्या खालच्या बाजूला त्यांनी असा हलका बाक दिला की ती साधारण ६० फूट व्यासाच्या चाकाचा तुकडा वाटावी. नाक उंच उचललं आणि पट्टा त्या नाकावरून, टपावरून फिरवून मागे आणला. दबलेला चौकोन असा जन्माला आला. कडक जमिनीवर पट्ट्याचा थोडाच भाग टेकायचा, मऊ चिखलात गाडी खचली की जास्त टेकायचा. डिझाइन म्हणून हे खरंच देखणं आहे.

पट्टे वरून फिरतात म्हटल्यावर तोफा कुशीत घेणं आलं. वर बुरूज ठेवला असता तर गाडी उंच आणि डगमगती झाली असती. म्हणून जहाजाला असतात तशा पेट्या दोन्ही बाजूंना लावल्या आणि त्यात नौदलाच्याच ६ पाउंडर तोफा बसवल्या. तोफवाल्या गाडीला 'मेल' म्हणायचे आणि फक्त मशीनगनवाल्या गाडीला 'फीमेल'.

नव्या गाडीचं नाव पडलं 'मदर'. जानेवारी १९१६ च्या अखेरीस आणि फेब्रुवारीच्या सुरुवातीला हॅटफिल्ड पार्कमध्ये तिच्या चाचण्या झाल्या. युद्धमंत्री लॉर्ड किचनर यांना ती फारशी पटली नाही, पण १०० गाड्यांची ऑर्डर निघाली, पुढे ती १५० वर गेली. या गाड्यांना मार्क १ म्हणतात.

मग याला 'टँक' का म्हणायचं?

कारण गुपित राखायचं होतं. 'लँडशिप' म्हटलं तर शत्रूला लगेच कळणार. म्हणून कारखान्यात सांगितलं गेलं की मेसोपोटेमियाच्या वाळवंटासाठी पाणी वाहून नेणाऱ्या गाड्या बनतायत. पण 'वॉटर कॅरिअर' या नावाचं लघुरूप होतं डब्ल्यूसी, म्हणजे संडास. ते काही समितीला मानवलं नाही. मग पाण्याची टाकी या अर्थाने 'टँक' ठरलं.

मेसोपोटेमिया म्हणजे आजचा इराक. तिथे तेव्हा सहाव्या पूना डिव्हिजनमध्ये मराठा पलटणी खरोखर लढत होत्या आणि कुतच्या वेढ्यात उपाशी अडकल्या होत्या. एप्रिल १९१६ मध्ये त्या फौजेला शरणागती पत्करावी लागली.

आणखी एक धागा आपल्याकडे येतो. इंग्रजीतला 'टँक' हा शब्दच मुळात भारतातून, गुजराती-मराठीतल्या 'टांकं', 'टाकं' यांच्यावरून गेला असं बरेच शब्दकोश मानतात. पोर्तुगीज शब्दाचाही त्यावर परिणाम झाला असावा. गडावरचं पाण्याचं टाकं आणि युद्धातला टँक हे असे दूरचे नातेवाईक आहेत.

आतमध्ये काय चालायचं?

खंदकाचा प्रश्न सुटला, पण त्याची किंमत आतल्या आठ माणसांनी मोजली.

मार्क १ चं वजन होतं सुमारे २८ टन आणि इंजिन १०५ हॉर्सपॉवरचं. आजच्या साध्या मोटारीत जेवढी ताकद असते तेवढ्यावर २८ टन ओढायचे. सपाट जमिनीवर वेग ताशी सहा किलोमीटरच्या आत, खड्ड्यांनी भरलेल्या रणांगणावर त्याच्या निम्माही नाही. चालत जाणारा सैनिक सहज पुढे निघून जाईल.

वळवणं हा तर वेगळाच सोहळा. बैलगाडी वळवताना आतल्या बाजूचा बैल रोखतात आणि बाहेरचा चालवतात. तत्त्व तेच, फक्त इथे बैलाऐवजी पट्टे. ड्रायव्हर मुख्य गिअर आणि क्लच सांभाळायचा. शेजारी बसलेला कमांडर दोन्ही बाजूंचे ब्रेक ओढायचा. आणि मागे दोन गिअरमन, प्रत्येकाकडे एकेका पट्ट्याचा गिअर. मोठं वळण घ्यायचं तर गाडी आधी थांबवायची, एका बाजूचा पट्टा न्यूट्रलला टाकायचा, दुसरा गिअरमध्ये घ्यायचा, ब्रेक लावायचा आणि मग हलायचं. मागच्यांना सांगायचं कसं? इंजिनच्या आवाजात ओरडून काही ऐकू जायचं नाही. ड्रायव्हर इंजिनच्या झाकणावर हातोडी किंवा पाना आपटून लक्ष वेधायचा आणि हाताच्या खुणा करायचा.

छोट्या वळणांसाठी मागे दोन चाकांची शेपटी जोडली होती. ती लढाईत टिकायची नाही, म्हणून काही महिन्यांत काढूनच टाकली.

इंजिन वेगळ्या खोलीत नव्हतं. माणसांच्या मधोमध, उघडं. सुरू करायला तीन-चार जणांनी मिळून हँडल मारायचं. आतलं तापमान ५० अंशांपर्यंत जायचं. त्यात पेट्रोलचा वास, तोफेच्या दारूचा धूर आणि इंजिनमधून गळणारा कार्बन मोनॉक्साइड. माणसं ओकायची, काहींची शुद्ध हरपायची. नीट उभं राहायलाही जागा नाही. पेट्रोलच्या टाक्या पुढे, चालक आणि कमांडरच्या दोन्ही बाजूंना. गाडी पेटली तर काय होणार ते सांगायला नको. शिवाय पेट्रोल फक्त उंचीच्या जोरावर इंजिनाकडे वाहायचं, त्यामुळे गाडीने खंदकात नाक खुपसलं की पुरवठा तुटून इंजिन बंद पडायचं. जिथे बंद पडायला नको, नेमकं तिथेच.

चिलखत होतं ६ ते १२ मिलिमीटर. साधी गोळी आत यायची नाही, पण ती आदळली की आतल्या बाजूने तापलेल्या धातूचे कण उडायचे आणि फटींतून शिशाचे शिंतोडे यायचे. डोळे वाचवायला चामड्याचा मुखवटा आणि त्याला साखळ्यांची जाळी दिलेली असायची. मुख्यालयाला निरोप पाठवायला कबुतरं होती. तीही याच उकाड्यात.

१५ सप्टेंबर १९१६

त्या दिवशी सोमच्या आघाडीवर फ्लेर आणि कोर्सलेत गावांजवळ ४९ रणगाडे उतरवायचे ठरले. सुरुवातीच्या जागेपर्यंत पोहोचले साधारण ३२. बाकीचे वाटेतच बिघडले किंवा रुतले. जे पुढे गेले त्यातलेही कित्येक खड्ड्यांत अडकले.

पण जे पोहोचले त्यांनी समोरच्यांची झोप उडवली. डी-१७ या गाडीची शेपटी तुटली होती, तरी लेफ्टनंट स्टुअर्ट हेस्टी यांनी ती नुसत्या ब्रेकवर वळवत फ्लेर गावाच्या रस्त्यावरून नेली आणि मागून पायदळ आलं. काही दिवसांत सेनापती डग्लस हेग यांनी आणखी १,००० रणगाडे मागितले.

जर्मनांनीही हातपाय हलवले. चिलखत भेदणाऱ्या गोळ्या आल्या, खंदक आणखी रुंद झाले. त्यावर ब्रिटिशांनी काढलेला उपाय अगदी गावठी होता. काटक्या-फांद्यांच्या प्रचंड मोळ्या साखळीने आवळून टपावर ठेवायच्या, खंदक आला की त्यात ढकलायच्या आणि वरून जायचं. २० नोव्हेंबर १९१७ ला काम्ब्रेच्या लढाईत ४७६ रणगाडे उतरले, त्यात मोळ्या घेतलेलेही होते. काही ठिकाणी एका दिवसात सात-आठ किलोमीटर मुसंडी मारली गेली. पश्चिम आघाडीवर एवढ्या अंतरासाठी महिनोन्‌महिने रक्त सांडलं जात असे.

त्याच दिवशी १७९ रणगाडे निकामी झाले. त्यातले ६५ तोफगोळ्यांनी, ७१ यांत्रिक बिघाडाने आणि ४३ खड्ड्यात वगैरे अडकून. म्हणजे शत्रूपेक्षा यंत्राने आणि चिखलाने जास्त गाड्या थांबवल्या. तोफगोळ्यांनी गेलेल्यांत 'डेबोरा' नावाची डी-५१ होती, जिच्या आठपैकी पाच जण मारले गेले. १९९८ मध्ये ती फ्रान्समधल्या फ्लेस्किएर गावात जमिनीखालून खणून काढली.

१९१८ मध्ये मार्क ५ आला. विल्सन यांनीच बनवलेल्या नव्या गिअरव्यवस्थेमुळे तो एकटा ड्रायव्हर चालवू शकायचा, गिअरमनची गरज संपली. आतली हवा मात्र सुधारली नाही, उलट आणखी बिघडली.

माणसांना इंजिनापासून वेगळं काढलं ते फ्रेंचांनी. त्यांच्या छोट्या रेनॉ एफटीमध्ये फक्त दोन माणसं असायची. इंजिन मागे, मध्ये भिंत आणि वर गोल फिरणारा बुरूज. मे १९१८ च्या अखेरीस तो लढाईत उतरला आणि पुढच्या शंभर वर्षांतले बहुतेक रणगाडे त्याच्याच घडणीवर गेले. दबलेल्या चौकोनाच्या १५० मार्क १ पैकी आज एकच उरलाय. तो इंग्लंडमधल्या बोव्हिंग्टनच्या टँक म्युझियममध्ये आहे आणि तिथेच लिटल विलीही आहे.