बीदरची माती, बिदरीची आच

उदगीरहून निघालं की दीड-दोन तासांत बीदर येतं. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेपर्यंत उदगीर, निलंगा, अहमदपूर हे तालुके बीदर जिल्ह्यातच होते. त्यामुळे तिकडच्या जुन्या माणसांना हे गाव परमुलखातलं वाटत नाही. बाकीच्या महाराष्ट्राला ते ठाऊक आहे दामाजीपंतांमुळे. दुष्काळात पंतांनी मंगळवेढ्याची कोठारं लोकांना खुली केली आणि विठ्ठलानं विठू महाराचं रूप घेऊन बीदरच्या बादशहाचा हिशेब चुकता केला, ही कथा आपल्याकडे घरोघर सांगितली जाते. त्या बादशाहीचा किल्ला अजून उभा आहे आणि त्याच्या मातीवर इथल्या काही घरांची चूल आजही पेटते.

इतिहास थोडक्यात सांगायचा तर बहमनींनी पंधराव्या शतकात गुलबर्ग्याहून राजधानी इथे हलवली. मग बरीदशाही, आदिलशाही, मोगल, निजाम. इराणातल्या गिलानहून आलेला वजीर महमूद गावान यानं १४७२ मध्ये इथे तीन मजली मदरसा बांधला. त्याच्या दर्शनी भिंतीवर निळ्या-पिवळ्या चकाकत्या फरश्यांची नक्षी होती. पुढे बनावट पत्राच्या कारस्थानात १४८१ मध्ये गावानचा शिरच्छेद झाला. औरंगजेबाच्या काळात या विद्यालयात दारूगोळा साठवलेला होता. त्याचा स्फोट होऊन इमारतीचा मोठा भाग कोसळला. आता एकच मिनार शिल्लक आहे आणि फरश्यांचे तुकडे कुठे कुठे दिसतात.

मला मात्र बीदरची खरी शाळा चौबारा या जुन्या टेहळणी मनोऱ्याच्या आसपासच्या गल्ल्यांत सापडली. तिथे दुकानं आहेत आणि त्यांच्या मागच्या बाजूला कारखाने. कारखाना म्हणजे एक खोली, कोपऱ्यात भट्टी, जमिनीत रोवलेला दगड आणि त्याच्याभोवती मांडी ठोकून बसलेली माणसं. इथे बिदरी घडते.

बिदरीचा मूळ धातू जस्त आणि त्यात थोडंसं तांबं. मातीत एरंडेल आणि राळ मिसळून साचा करतात आणि त्यात हा रस ओततात. बाहेर येते ती राखाडी, खरबरीत वस्तू. ती कानशीनं घासून गुळगुळीत करायची आणि मोरचुदाच्या पाण्यानं पुसायची. त्यानं पृष्ठभाग तेवढ्यापुरता काळवंडतो आणि त्यावर कलमानं काढलेली रेघ स्पष्ट दिसते. मग छिन्नी चालते. कोरलेल्या खाचांत चांदीची तार ठोकून बसवली की ती तारकशी, पत्रा बसवला की तहनिशाँ. वेल, पान, खसखशीचं फूल, कधी अरबी अक्षरं. किल्ल्यातल्या रंगीन महालात काळ्या दगडात शिंपल्यांचे तुकडे जडवले आहेत. काळ्यावर पांढरी चमक पाहण्याची सवय या गावाच्या डोळ्यांना तिथूनच लागली असावी, असं मला वाटतं.

एवढं सगळं झाल्यावरही वस्तू फिकटच दिसते. राखाडीवर चांदी उठून येत नाही. ज्यांच्या कारखान्यात मी बसलो होतो त्या उस्तादांनी एक छोटी सुरई मंद आचेवर धरली. शेजारच्या वाडग्यात नवसागर आणि माती पाण्यात कालवून ठेवली होती. सुरई पुरेशी तापली की नाही हे त्यांनी हाताची पाठ जवळ नेऊन पाहिलं, मग चिंधीनं तो लेप भराभर चोळला. चिखलाचा वास, थोडी वाफ, आणि लेप धुतला तेव्हा राखाडी अंग काजळासारखं काळं झालेलं. चांदीच्या एकाही पानाला डाग नव्हता. पाहताना अंगावर काटा आला. कारण विचाराल तर धातूतलं तांबं या क्षारांशी संयोग पावून काळं पडतं, चांदीला लेप शिवत नाही. तांबं नसेल तर नुसतं जस्त असं काळं होत नाही. कारण समजल्यावरही माझं आश्चर्य तसूभर कमी झालं नाही.

या लेपाला माती कुठलीही चालत नाही. किल्ल्याच्या जुन्या भागांतली, वर्षानुवर्षं ऊन-पाऊस न लागलेली हवी. ती ओळखायची जिभेवर. उस्तादांनी दोन पुड्या पुढे केल्या, एकेक चिमूट जिभेच्या टोकावर ठेवली, थुंकले आणि एक पुडी बाजूला सारली. ‘‘ये काम की नहीं,’’ एवढंच म्हणाले. का नाही, हे त्यांना शब्दांत सांगता येईना. वडिलांनी लहानपणी चव दाखवली होती, ती जिभेवर बसली.

नेमकी हीच विद्या आता धोक्यात आहे. कला नावारूपाला आली नाही असं नाही. बिदरीला भौगोलिक मानांकन आहे आणि इथले कारागीर शाह रशीद अहमद कादरी यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. पण चांदीचा भाव चढला की छोटा कारागीर आधी तार बारीक करतो आणि मग काम कमी करतो. खोलीत धूर कोंडतो, जस्ताची भुकटी नाकातोंडात जाते. उस्तादांचा थोरला मुलगा हैदराबादेत नोकरी करतो. धाकटा येऊन बसतो, पण त्याला माती चाखता येत नाही. सरकारी प्रशिक्षण वर्गांत छिन्नी धरायला शिकवता येईल. माती पारखायला मात्र उस्तादांच्या शेजारी वर्षं काढावी लागतात आणि ती वर्षं काढणाऱ्या मुलाला तोवर पोटापुरतं मिळायला हवं. त्याची सोय कुणी तरी तातडीनं केली पाहिजे. मदरसा पाहायला येणाऱ्यांना ही गल्ली दाखवणारी एक साधी पाटीही मला कुठे दिसली नाही.

बीदरला जाल तेव्हा सकाळी जा, भट्टी पेटलेली असते. दुकानात वस्तू घेण्याआधी मागच्या खोलीत डोकावायची परवानगी मागा, नाही म्हणत नाहीत. घरी आणलेल्या बिदरीचा काळा रंग मंदावला तर खोबरेल तेलाचा हात फिरवावा, तो पुन्हा खुलतो. आणि किमतीची घासाघीस करू नका. एका लहान पेटीवर चार जणांचे हात फिरलेले असतात.