‘कोणाचीच नसलेली’ भूमी आणि तिचे मालक

ऑस्ट्रेलिया म्हटले की आपल्या विद्यार्थ्यांना क्रिकेट आठवते, फार तर कांगारू. परंतु त्या खंडावर किमान ५० हजार वर्षांपासून माणसे नांदत आहेत आणि गोरे लोक येण्यापूर्वी तेथे अडीचशेच्या आसपास भाषा बोलल्या जात होत्या, हे फारसे कोणाच्या ध्यानात नसते. या मूळनिवासी लोकांच्या जमिनीच्या हक्काची हकिकत आम्ही येथे देत आहोत.

२६ जानेवारी १७८८ रोजी कैदी व शिपाई यांना घेऊन आलेल्या इंग्रजांनी सिडनी येथे वसाहत मांडली. (आपला प्रजासत्ताक दिन तोच त्यांच्यापैकी अनेकांचा शोकदिन होय.) मूळनिवासींशी तह झाला नाही की त्यांच्याकडून जमीन विकत घेतली गेली नाही. भूमीला मालकच नाही असे धरून ती इंग्लंडच्या राजाची ठरविण्यात आली. या कल्पनेला ‘टेरा न्युलियस’, म्हणजे कोणाचीच नसलेली भूमी, असे लॅटिन नाव आहे. माणसे डोळ्यांना दिसत होती. मालक मात्र दिसला नाही!

१९६३ साली उत्तरेकडील यिरकला येथील योलंगू लोकांनी, आपल्या भूमीत बॉक्साइटची खाण काढण्याचे घाटत असता, झाडाच्या सालीवर चित्रे रंगवून त्यावर आपला अर्ज चिकटविला आणि तो संसदेकडे पाठविला. पुढे प्रकरण न्यायालयात गेले. १९७१ साली न्यायमूर्ती ब्लॅकबर्न यांनी मान्य केले की या लोकांना स्वतःची सुव्यवस्थित कायदापद्धती आहे. तरीही जमिनीवरील त्यांची मालकी इंग्रजी कायद्यात बसत नाही, असा निकाल दिला.

ही भिंत फोडली ती एडी मॅबो या गृहस्थांनी. टॉरेस सामुद्रधुनीतील मेर बेटावर त्यांचा जन्म झाला. टाउन्सव्हिल येथील विद्यापीठात ते माळी होते. बेटावरील आपल्या जमिनीविषयी ते बोलत असता, ती जमीन कायद्याने सरकारची आहे, हे तेथील दोन इतिहासकारांनी त्यांना सांगितले. त्यांचा विश्वासच बसेना. मेरवर प्रत्येक कुटुंबाच्या बागेची हद्द ठरलेली, ती पिढ्यान्‌पिढ्या वारशाने चालत आलेली! मे १९८२ मध्ये त्यांनी चार सोबत्यांसह दावा लावला. दावा चालू असतानाच क्वीन्सलँड सरकारने १९८५ साली असे हक्क पूर्वलक्षी रीतीने नष्ट करणारा कायदा केला. १९८८ साली हायकोर्टाने (ते तेथील सर्वोच्च न्यायालय होय) तो वंशभेदविरोधी कायद्याच्या आधारे निष्प्रभ ठरविला. अखेर ३ जून १९९२ रोजी सहा विरुद्ध एक अशा मताने मेरच्या लोकांचा हक्क मान्य झाला. मॅबो तो दिवस पाहू शकले नाहीत. त्याच वर्षी जानेवारीत ते निवर्तले होते.

या निकालावरून १९९३ साली कायदा झाला. मात्र त्यात मेख आहे, ती विद्यार्थ्यांनी नीट समजून घ्यावी. सरकारने जेथे जमीन पूर्ण मालकीने दुसऱ्यास दिली, तेथे मूळ हक्क संपतो. शिवाय आपल्या पूर्वजांच्या चालीरीती व भूमीशी नाते आजपर्यंत अखंड आहे, हे दावेदारांनीच सिद्ध करावयाचे असते. ज्यांना हुसकावून लावले, ज्यांची मुले सरकारने हिरावून नेली, त्यांनी हे अखंडत्व कोठून दाखवावे?

मरे नदीकाठच्या योर्टा योर्टा लोकांचे तेच झाले. त्यांचा १९९४ सालचा दावा १९९८ साली न्यायमूर्ती ओल्नी यांनी फेटाळला. वृद्धांच्या तोंडी साक्षींपेक्षा, त्याच मुलखात मेंढ्यांचे कळप घेऊन शिरलेल्या एडवर्ड कर या गोऱ्याच्या पुस्तकाला अधिक वजन मिळाले. त्याहून बोचणारी गोष्ट म्हणजे, १८८१ साली यांच्याच पूर्वजांनी गव्हर्नरकडे पोट भरण्यापुरती जमीन मागणारा अर्ज केला होता. ज्याअर्थी ते शेतीसाठी जमीन मागत होते त्याअर्थी त्यांची जुनी जीवनपद्धती तेव्हाच संपली होती, असा त्या अर्जाचा पुरावा त्यांच्याच विरुद्ध वापरला गेला. २००२ साली हायकोर्टानेही अपील फेटाळले. २००४ साली व्हिक्टोरिया सरकारने त्यांच्याशी करार केला. त्यानुसार काही सरकारी जमिनींच्या व्यवस्थापनात सल्ला देण्याचा अधिकार त्यांना मिळाला, मालकी नव्हे.