फडावरची विठाबाई

अंबरनाथ, उल्हासनगर, बदलापूर ही कष्टकरी माणसांची गावे. इथल्या कारखान्यांत काम करणारी पुष्कळ माणसे घाटावरून आलेली. चैत्र लागला की त्यांना गावच्या जत्रेची ओढ लागते. जत्रेत रात्री तमाशा असतो. ढोलकीवर थाप पडली की अंगातला शीण कुठच्या कुठे पळतो. पण नाचणारी बाई कोण, तिचे पोट कसे चालते, हा विचार आपण क्वचितच करतो. म्हणून आज अशा एका बाईची हकीगत वाचू या. त्यांचे नाव विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर.

नारायणगाव आपल्याला फार दूर नाही. शहाडवरून मुरबाडचा रस्ता जातो. तो माळशेज घाट चढून जुन्नर तालुक्यात शिरतो. पुढे ओतूर लागते, मग आळेफाटा. तिथून पुण्याच्या बाजूला वळले की नारायणगाव येते. तमाशाची ही मोठी पेठच आहे. जत्रांच्या दिवसांत इथे फडमालक राहुट्या ठोकून बसतात. गावोगावचे पंच येतात, भाव करतात आणि सुपारी देतात. सुपारी देणे म्हणजे कार्यक्रम ठरवून पैसे देणे.

घरचाच फड

विठाबाईंच्या घरात तमाशा पिढीजात होता. आजोबा नारायण खुडे यांनी फड उभा केला. पुढे वडील भाऊ आणि चुलते बापू यांनी तो नावारूपाला आणला. ‘भाऊ-बापू मांग नारायणगावकर’ हे नाव गावोगावी गाजले.

विठाबाईंचा जन्म १९३५ साली पंढरपुरात झाला. विठ्ठलाच्या गावी जन्मली, म्हणून मुलीचे नाव विठा ठेवले. पण त्या काळी मांग समाजाला विठ्ठलाच्या देवळात पाऊल टाकता येत नव्हते. साने गुरुजींच्या उपोषणानंतर, १९४७ साली ते दार उघडले. तेव्हा विठा सुमारे बारा वर्षांची होती. देवाचे नाव होते, देवाचे दर्शन नव्हते!

विठाची शाळा म्हणजे फडच. चालता-बोलता येऊ लागल्यापासून ती ढोलकी ऐकत होती. बघून बघून नाचायला शिकली, ऐकून ऐकून गायला शिकली.

नुसता नाच नव्हे

कोणी म्हणेल, “नाचणे म्हणजे काय मोठे काम?” तर तमाशा कसा चालतो ते पाहा. आधी गण होतो. त्यात गणपतीला वंदन असते. मग गवळण येते. गवळणी दुधाच्या बाजाराला निघतात, कृष्ण आणि पेंद्या त्यांना अडवतात. पुढे लावण्या रंगतात. मग बतावणी, म्हणजे हजरजबाबी थट्टा. शेवटी वग, म्हणजे गोष्टीचे नाटक. हे सारे पहाटेपर्यंत चालते.

बाईला यात नाचावे लागते, गावे लागते आणि वगात बोलावेही लागते. पायांत घुंगरांचे ओझे, अंगावर नऊवारी. खेळ संपला की सामान गाडीत चढते आणि फड पुढच्या गावाला निघतो. झोप मिळते ती गाडीत. पोरेबाळे असली तर तीही बरोबरच. कारखान्यात पाळी संपली की भोंगा वाजतो. फडावर भोंगा नसतो.

विठाबाईंच्या गाण्या-नाचाने त्यांना मोठी कीर्ती मिळाली. १९६२ साली चीनशी युद्ध झाले, तेव्हा त्यांनी जवानांसाठीही कार्यक्रम केले.

बाळंतपण आणि रंगमंच

विठाबाईंची एक हकीगत साऱ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. दिवस भरलेले असताना त्या नाचत होत्या. मध्येच कळा सुरू झाल्या. त्या मागे गेल्या. तिथेच बाळंत झाल्या. नाळ दगडाने तोडली आणि पुन्हा लोकांपुढे उभ्या राहिल्या.

ऐकून आपण म्हणतो, “काय धीराची बाई!” धीर तर होताच. पण जरा थांबून विचार करा. अशा दिवसांत बाईला नाचावे का लागले? कारण खेळ मोडला तर सुपारी बुडते. सुपारी बुडली तर साऱ्या फडाच्या पोटावर पाय येतो.

भारतात १९६१ साली बाळंतपणाच्या रजेचा कायदा झाला. २०१७ साली ही पगारी रजा २६ आठवड्यांची झाली. पण रजा मागायची तर नोकरीचा पुरावा लागतो. जिथे हजेरीपुस्तक नाही, पगाराची पावती नाही, तिथे बाईने हक्क कशावर मागावा?

उचल म्हणजे काय?

फडाचा हंगाम साधारण दसऱ्याला सुरू होतो आणि वैशाखात संपतो. पावसाळ्यात धंदा बंद. मग घर कसे चालवायचे? कलावंत मालकाकडून आगाऊ पैसे घेतो. त्याला उचल म्हणतात. हंगामभर राबून ती फेडायची. मालकही पुष्कळदा सावकाराकडून कर्ज काढून फड उभा करतो. त्यामुळे लोकांच्या शिट्ट्या भरपूर मिळतात, पण शिल्लक काही राहत नाही. कर्ज घेताना कागदावर काय लिहिले आहे, हे वाचता आले नाही तर फसगतही होते.

विठाबाईंचा १९५७ आणि १९९० साली राष्ट्रपतींकडून गौरव झाला. पण मानाने म्हातारपण सरत नाही. त्यांचे अखेरचे दिवस हलाखीत गेले. १५ जानेवारी २००२ रोजी त्या वारल्या. इस्पितळाचे बिल भरायला लोकांची मदत घ्यावी लागली. पुढे २००६ पासून राज्य सरकार त्यांच्या नावाने तमाशा कलावंतांना जीवनगौरव पुरस्कार देऊ लागले. त्यांच्या कन्या मंगला बनसोडे यांनी स्वतःचा फड काढून घरची कला पुढे नेली.

आपण काय शिकायचे?

वयस्क कलावंतांसाठी राज्य सरकारची मानधन योजना आहे. तिला राजर्षी शाहू महाराजांचे नाव आहे. २०२४ साली हे मानधन महिना ५,००० रुपये झाले. पण त्यासाठी अर्ज करावा लागतो. वयाचा आणि उत्पन्नाचा दाखला लागतो. अनेक वर्षे कला केल्याचा पुरावा लागतो. जत्रेची पत्रके, वर्तमानपत्रातील कात्रणे, फडमालकाचे पत्र हे कागद जपून ठेवावेत. अंगठा उठवण्याआधी कागद वाचावा. वाचता येत नसेल तर विश्वासू माणसाकडून वाचून घ्यावा.

तुमच्या आळीत एखादी जुनी कलावंतीण असेल. भजनी असेल, शाहीर असेल. त्यांच्याकडे जा. “मावशी, अर्ज केलात का?” असे विचारा. त्यांना लिहिता येत नसेल, तर तुम्ही लिहून द्या. अक्षर शिकलो ते अशा कामाला यावे.

आणि पुढच्या जत्रेत फडावर बाई उभी राहील, तेव्हा तिच्याकडे कष्टकरी बहीण म्हणून पाहा. आपण यंत्रावर राबतो, ती पायांवर राबते. घाम दोघांचा सारखाच.