दार!

दुपारची वेळ. पोरं बाहेर हुंदडून घरात शिरतात, चपला भिरकावतात आणि दार सताड उघडं टाकून आत पळतात. आतल्या खोलीत तांदूळ निवडत बसलेली आजी मान वर न करता एकच शब्द टाकते, "दार!" पोरगं मुकाट्याने मागे फिरतं आणि दार लावून येतं.

आजीने हे सांगितलं कोणाला? नाव घेतलेलं नाही. करायचं काय? क्रियापदाचा पत्ता नाही. व्याकरणाच्या पेपरात कोणी एवढंच वाक्य लिहिलं असतं, तर मास्तरांनी लाल रेघ ओढली असती. गंमत पुढेच आहे. दहा मिनिटांनी बेल वाजते. तीच आजी, त्याच पाटावरून, तोच शब्द उच्चारते, "दार!" आणि या वेळी पोरगं जाऊन दार उघडतं. शब्द तोच, अर्थ नेमका उलटा, आणि घरात कोणाचाही गोंधळ नाही.

अशा बोलण्यासाठी इंग्रजीच्या जाडजूड कोशांत 'मोनेपिक' नावाचा एक शब्द धूळ खात पडलेला आहे. एका शब्दाचं, किंवा एकेका शब्दाच्या वाक्यांचं, असा त्याचा अर्थ. ग्रीक 'मोनोस' म्हणजे एकटा आणि 'एपॉस' म्हणजे शब्द. याच 'एपॉस'पासून 'एपिक' म्हणजे महाकाव्य हा शब्दही आला. म्हणजे हजारो ओळींचं काव्य आणि एका शब्दाचं वाक्य ही एकाच घरची भावंडं! भाषाशास्त्रज्ञांच्या तोंडी मात्र 'होलोफ्रेज' हा शब्द अधिक असतो. अख्खं बोलणंच एका शब्दात, असा त्याचा भाव. आपण त्याला एकपदी वाक्य म्हणू. संस्कृतात 'एकपदी' या शब्दाचा आणखी एक अर्थ आहे, पायवाट. एका वेळी एकच पाऊल मावेल एवढी अरुंद, पण पलीकडच्या गावाला बरोबर पोचवणारी.

या वाटेवर आपण सगळे एकदा चाललेलो आहोत. साधारण वर्षाचं मूल पहिले शब्द बोलू लागतं आणि पुढचे काही महिने त्याचा सारा संसार एकेका शब्दावर चालतो. 'भूर' हाच शब्द घ्या. बाबा चपला घालताना दिसले की 'भूर' म्हणजे मलाही ने. खिडकीतून चिमणी उडाली की 'भूर' म्हणजे ती बघ गेली. संध्याकाळी आई घरात दिसली नाही की तोच शब्द, पण ओठ काढून आणि सूर चढवून. म्हणजे आई कुठे गेली? विनंती, बातमी आणि प्रश्न, तिन्ही एका अक्षरजोडीत. दोन शब्द एकमेकांना जोडायला मूल शिकतं ते साधारण दीड ते दोन वर्षांच्या दरम्यान.

मम, भूर, बाऊ, जोजो, गाईगाई हा आपल्या घराघरांतला खजिना जागतिक भाषाशास्त्रात पोचलेला आहे, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. १९६४ साली अशोक केळकरांनी 'वर्ड' या नियतकालिकात मराठी बाळबोलीवर स्वतंत्र लेख लिहिला. त्याच वर्षी अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ चार्ल्स फर्ग्युसन यांनी सहा भाषांमधल्या बाळबोलीची तुलना केली आणि अरबी, स्पॅनिश, इंग्रजी, कोमांची, गिल्याक यांच्या पंगतीत मराठीलाही पान मांडलं.

पण 'भूर' म्हणणाऱ्या मुलाच्या डोक्यात नेमकं काय असतं? 'मला बाहेर जायचंय' हे सबंध वाक्य मनात तयार असतं आणि जिभेला झेपत नाही म्हणून एकच शब्द बाहेर पडतो का? ग्रेस डी लगुना यांनी १९२७ सालच्या आपल्या पुस्तकात मुलाचा एकेक शब्द वाक्याचं काम करतो असं मांडलं होतं. पुढे लॉइस ब्लूम यांनी स्वतःच्या मुलीचं, अ‍ॅलिसनचं, बोलणं बारकाईने नोंदवलं आणि १९७३ साली 'वन वर्ड अ‍ॅट अ टाइम' हे पुस्तक लिहिलं. त्यांचं म्हणणं वेगळं होतं. मुलाला जगातल्या घडामोडी कळतात, पण वाक्याची बांधणी अजून त्याच्या मनात नसतेच. वाक्य मुलाच्या डोक्यात नसतं, ते ऐकणारी आई भरून काढते.

हा वाद वाचताना मला आजीचं दार पुन्हा आठवलं, कारण आपल्याकडे या वादाला निदान तेराशे वर्षं झाली आहेत आणि त्यातलं उदाहरणही दाराचंच आहे. मीमांसकांनी विचारलं होतं, कोणी नुसतं 'द्वारम्' असं म्हटलं, तर 'बंद कर' हे ऐकणाऱ्याला कळतं कसं? कुमारिल भट्टाच्या अनुयायांचं उत्तर असं, की ऐकणारा आधी गाळलेला शब्द मनात आणून बसवतो आणि मग अर्थ लागतो. प्रभाकराच्या अनुयायांनी मान हलवली. शब्द कशाला हवा, अर्थच थेट मनात येतो, असं ते म्हणाले. पहिल्या मताचं नाव शब्दाध्याहार, दुसऱ्याचं अर्थाध्याहार. नावं भारदस्त, पण प्रश्न आजीच्या घरातला. पोरगं मागे फिरतं तेव्हा त्याच्या मनात 'लाव' हा शब्द उमटतो, की नुसतं लावलेलं दार?

ऐकणाऱ्यावर सगळं सोपवणाऱ्या बोलण्याचं याहून टोकाचं उदाहरण बृहदारण्यक उपनिषदात आहे. तिथे तर शब्दही नाही, एक अक्षर आहे. देव, माणसं आणि असुर असे तिघेही प्रजापतीकडे शिकायला राहतात आणि शेवटी उपदेश मागतात. प्रजापती प्रत्येकाला एकच सांगतो, 'द'. कळलं का, असं विचारल्यावर देव म्हणतात, कळलं, आम्ही स्वतःचं दमन करावं. माणसं म्हणतात, कळलं, आम्ही दान द्यावं. असुर म्हणतात, कळलं, आम्ही दया करावी. आणि प्रजापती तिघांनाही 'बरोबर' म्हणतो. ज्याच्यात जे कमी, ते त्याने त्या 'द'पुढे लावून घेतलं. गुरूने अक्षर दिलं, वाक्य शिष्यांनी आणलं.

इथवर आपण पाहिली ती गाळलेली वाक्यं. शब्द एकच, कारण बाकीचे बाहेर ठेवलेत. पण काही भाषांत याच्या अगदी उलट प्रकार असतो. तिथे काहीही गाळलेलं नसतं, सगळं एकाच शब्दाच्या गाठोड्यात ठासून भरलेलं असतं. अलास्कातल्या युपिक भाषेत 'तुन्तुस्सुकतार्निक्साइतेङ्किग्तुक' असा काहीसा उच्चार होणारा एक शब्द भाषाशास्त्राच्या पुस्तकांत प्रसिद्ध आहे. अर्थ असा : 'आपण रेनडिअरच्या शिकारीला जाणार आहोत असं तो अजून पुन्हा म्हणाला नव्हता.' गाठोडं सोडलं की आत क्रमाने सापडतं : 'तुन्तू' म्हणजे रेनडिअर, मग शिकार करणं, मग 'जाणार' ही पुढची गोष्ट, मग म्हणणं, मग नकार, मग पुन्हा, आणि शेवटी तो. यातला 'तुन्तू' सोडला तर बाकीच्या तुकड्यांना एकटं उभं राहता येत नाही. अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांच्या अशा भाषा पाहून पीटर ड्यू पोन्सो यांनी १८१९ साली त्यांना 'पॉलिसिंथेटिक' म्हटलं, म्हणजे पुष्कळ काही एकत्र सांधणाऱ्या.

मग मराठी कुठे बसते? मधोमध, आणि तिला ते बसणं झकास जमतं. रेल्वेच्या डब्यात मागच्या बाकावरचं कोणी फोनवर म्हणतं, "जेवलीस?" वळून न बघता आपल्याला कळतं, की पलीकडे एकटी बाई किंवा मुलगी आहे, ती बोलणाऱ्याच्या जवळची आहे, तिला 'अहो' म्हणायचं नातं नाही आणि जेवणाची वेळ उलटून गेली आहे. 'जेवलात?' म्हटलं असतं तर डब्यातल्या सगळ्यांना वेगळंच नातं दिसलं असतं. पुरुष, लिंग, वचन, काळ, जवळीक, सगळं शेपटीच्या दोन अक्षरांत. पाणिनीच्या सूत्रांवर वार्तिकं लिहिणाऱ्या कात्यायनाने वाक्याची व्याख्या करताना एका क्रियापदाची अट घातली होती. आमचं 'जेवलीस?' त्या परीक्षेत मानाने पास होतं.

'आलेच!' हा तर चमत्कार आहे. बोलणारी बाई आलेली नाही, अजून स्वयंपाकघरातच आहे, बहुधा गॅस बंद करायचाही राहिलाय. तरी रूप भूतकाळाचं, कारण आश्वासन इतकं पक्कं की ते झाल्यातच जमा. त्याला 'च'ची मोहोर. आणि निघताना आपण म्हणतो 'येते' किंवा 'येतो'. उंबरठा ओलांडून जाणारा माणूस जाण्याचं नावच घेत नाही. परत येण्याचा वायदा त्या एका शब्दात ठेवून जातो.

खरं गाठोडं बघायचं तर 'राहवेना' बघा. 'राह' हा धातू, त्याला 'अव' हा जमण्या-न जमण्याचा प्रत्यय, वर 'ना' हा नकार. न करता गप्प राहणं माझ्याच्याने होत नाही, हे सगळं चार अक्षरांत. बघवेना, बोलवेना, गिळवेना, करवेना. इथे नकार माणसाच्या इच्छेचा नाही, त्याच्या आतून काहीतरी अडतं त्याचा आहे. शोकाच्या घरी ताटावर बसलेल्या माणसाने 'गिळवेना' म्हटलं की वाढणारी बाई आग्रह थांबवते.

हंगेरियन भाषेत 'माझं तुझ्यावर प्रेम आहे' हे सांगायला 'सेरेत्लेक' हा एक शब्द पुरतो. त्याच्या शेवटच्या प्रत्ययात 'मी' आणि 'तुला' दोन्ही बसवलेले असतात. मराठी तरुण फार तर म्हणेल, 'आवडतेस.' यात 'तू' आहे, ती मुलगी आहे हेही आहे. 'मला' मात्र नाही. ते तिने समजून घ्यायचं. बोलणाऱ्याचा संकोच व्याकरणाने असा सांभाळून घेतलाय.

एका शब्दाने इतिहासातही ठिणग्या पाडल्या आहेत. मॅसिडोनियाच्या फिलिपने स्पार्टाला धमकावलं, की मी तुमच्या प्रदेशात शिरलो तर तुम्हाला उद्ध्वस्त करीन. स्पार्टाचं उत्तर, 'तर.' प्लूटार्कने सांगितलेली ही गोष्ट. त्यांचा प्रदेश लॅकोनिया, म्हणून इंग्रजीत मोजकं बोलणं आजही 'लॅकोनिक'. २२ डिसेंबर १९४४ रोजी बेल्जियममधल्या बास्तोन्य गावात जर्मन सैन्याने वेढलेल्या अमेरिकनांना शरणागतीचा निरोप आला. जनरल मॅकॉलिफ यांचं लेखी उत्तर, 'नट्स!' आक्रोड-बदामांशी त्याचा संबंध नव्हता. आपण 'हट्!' म्हणून झिडकारतो तसं ते होतं. जर्मन अधिकाऱ्यांना मात्र ते उमगेना, आणि उत्तर घेऊन गेलेल्या कर्नल हार्पर यांना त्याचा अर्थ फोडून सांगावा लागला. ऐकणाऱ्याकडे किल्ली नसली की एकपदी वाक्याचं कुलूप उघडत नाही ते असं.

आपल्या जवळचा किस्सा सिंधचा. १८४३ साली चार्ल्स नेपियरने सिंध जिंकला. पुढे १९३६पर्यंत तो प्रांत मुंबई इलाख्यातच होता. नेपियरने विजयाची बातमी 'पेकावी' या एकाच लॅटिन शब्दात कळवली, असं अजूनही सांगतात. त्याचा अर्थ 'मी पाप केलं', आणि ते इंग्रजीत म्हटलं की कानाला 'मी सिंध घेतला' असं ऐकू येतं. कबुली आणि फुशारकी एकाच श्वासात! पण नेपियरने असं काही लिहिलंच नव्हतं. ही कोटी सुचली होती कॅथरीन विंकवर्थ या सोळा वर्षांच्या मुलीला आणि ती छापून आली मे १८४४मध्ये 'पंच' या विनोदी साप्ताहिकात. शब्द मुलीचा, श्रेय सेनापतीला.

आता दक्षिण अमेरिकेच्या अगदी टोकाला जाऊ. तिथल्या यागान भाषेतला 'मामिहलापिनातापाय' हा शब्द गिनीज बुकात सर्वांत थोडक्यात सर्वाधिक सांगणारा म्हणून गेला. दोघांनाही एक गोष्ट हवी आहे, पण पहिलं पाऊल समोरच्याने टाकावं असं प्रत्येकाला वाटतं आणि दोघं नुसते एकमेकांकडे बघत राहतात, असा त्याचा अर्थ सांगतात. त्याच्या शेवटी दोघांचा प्रत्यय आहे. संस्कृतात द्विवचन होतं, मराठीने ते सोडलं. यागानने मात्र जपलं. त्यामुळे हा शब्द एकट्या माणसाबद्दल बोलताच येत नाही.

२००५ साली क्रिस्टिना काल्देरॉन यांची जाऊ-नणंदेच्या नात्यातली एमेलिंदा अकुन्या वारली. त्यानंतर यागान मायबोली म्हणून बोलणाऱ्या क्रिस्टिना एकट्याच उरल्या. १६ फेब्रुवारी २०२२ रोजी, ९३व्या वर्षी, त्याही गेल्या. मधली सोळा-सतरा वर्षं त्यांना शब्द सगळे येत होते. वही-कोशांतही ते होते, आजही आहेत. पण अर्ध्यावर सोडलेला शब्द जन्मापासूनच्या सवयीने झेलणारं कोणी समोर नव्हतं. जिला द्विवचन येतं अशी एकटी बाई.

पोरं मोठी झाली, शहराला गेली, की आजीच्या घराचं दार पुष्कळदा ती लावते तसंच राहतं. बेल वाजली तर ती गुडघ्यावर हात ठेवून स्वतःच उठते आणि काहीही न बोलता उघडते. सुट्टीत मात्र कोणीतरी पुन्हा सताड उघडं टाकून आत पळतं. आतून आवाज येतो, आणि पावलं मागे वळतात.