तार शाबूत, आवाज बेपत्ता

आमच्या औंढ्यास येणारा यात्रेकरू नागनाथाचें दर्शन घेऊन बाहेर पडला, कीं कोणी ना कोणी त्यास एक कथा सांगतोच. नामदेवराय महाद्वारीं कीर्तन करीत होते. तेथून त्यांस उठविण्यांत आलें. ते देवळाच्या पाठीमागें जाऊन गाऊं लागले, आणि देऊळच फिरून त्यांच्या सन्मुख झालें. नंदी देवासमोर नसून पाठीमागें कां, याचें उत्तर गांवांत याच कथेनें दिलें जातें. भक्ताच्या आवाजासाठीं देऊळ फिरलें. परंतु हल्लीं घरोघरीं भिंतीवर टांगलेला टीव्ही कोणासाठींही फिरत नाहीं. त्याच्या पाठीशीं पांच-सहा दारें असतात. पैकीं आवाज बाहेर सोडणारें दार एखाददुसरेंच, आणि तें ज्याचें त्यानें शोधावयाचें असतें.

हल्लींचे टीव्ही पाटीसारखे पातळ झाले आहेत. पातळ पेटींत कर्णा मावत नाहीं. म्हणून बारीकसे दोन कर्णे खालच्या किंवा मागच्या अंगास बसविलेले असतात आणि त्यांचा आवाज श्रोत्याकडे न येतां भिंतीवर आपटतो. तरुणांचें त्यावर भागतें. वृद्धांना मात्र गलका ऐकूं येतो, शब्द कळत नाहींत. मग कर्तीं मुलें एक लांबट साउंडबार विकत आणतात, तो तारेनें टीव्हीस जोडतात, आणि घरांतील वडील मंडळी पुन्हां संभाषणांत येतात. अशा घरीं एके दिवशीं चित्र दिसत आहे, तार जागच्या जागीं आहे, साउंडबारचा दिवा लागला आहे, आणि आवाज तेवढा नाहीं, असें झालें म्हणजे दहा माणसें दहा निदानें सांगतात. बहुधा पहिला दोष तारेवर येतो, आणि बहुधा ती बिचारी निर्दोष असते.

असें होण्याचें कारण समजण्यास जुन्या रेडिओची आठवण करावी. परभणी केंद्र लावलें आणि हवा बिघडली, तर आवाज बारीक होई, खरखर वाढे, मध्येंच दुसरें केंद्र डोकावे. परंतु कानास कांहीं तरी सुगावा लागे आणि खुंटी किंचित् फिरवून काम भागे. आंकड्यांनीं जाणाऱ्या आवाजास ही मधली अवस्था जवळजवळ नाहींच. तो आला तर स्वच्छ येतो, फार तर तुटत तुटत येतो. आणि न आला तर मुळींच येत नाहीं. खरखर हें रोगाचें लक्षण होतें. येथें रोगी एकदम मौनच धरतो, म्हणून वैद्याची परीक्षा अधिक होते.

हें आंकडे म्हणजे काय? आवाजाचें माप क्षणोक्षणीं घ्यावयाचें आणि तें माप शून्य व एक या दोनच अंकांत लिहून पुढें धाडावयाचें, ही कल्पना 1937 सालीं ॲलेक रीव्हज या इंग्रज अभियंत्यास पॅरिस येथें सुचली. तिलाच आज पीसीएम म्हणतात, आणि टीव्हीच्या सेटिंगमध्यें हींच तीन अक्षरें दिसतात. दोन चिन्हांची ही लिपि आपणांस परकी वाटण्याचें कारण नाहीं. पिंगलाचार्यांच्या छंदःशास्त्रांतील प्रस्तार ज्यांनीं केला असेल, त्यांस लघु-गुरूंचा हाच खेळ तेथें आढळेल. सोळा अक्षरांचा चरण घेतला तर लघु-गुरूंच्या मांडणीचे 65,536 प्रकार होतात. लघु-गुरु, लघु-गुरु असें आठ वेळां येणारें पंचचामर हें त्यांतील एक. 1982 सालीं बाजारांत आलेल्या कॉम्पॅक्ट डिस्कवर आवाजाचें प्रत्येक माप अशाच सोळा जागांचें आहे, आणि अशीं 44,100 मापें प्रत्येक कानासाठीं दर सेकंदास लिहिलेलीं असतात. टीव्ही व चित्रपट यांत हीच संख्या बहुधा 48,000 असते. दोन्ही कानांचा हिशेब केला तर सेकंदास 15,36,000 लघु-गुरु होतात. इतकें पठण तारेंतून चाललेलें असतें, आणि तें निमूटपणें!

येथवर सर्व सरळ आहे. घोटाळा पुढें होतो. चित्रपटगृहाप्रमाणें घरींही पांच-सहा दिशांनीं आवाज यावा म्हणून तो आवळून बांधण्याच्या निरनिराळ्या पद्धति निघाल्या. डॉल्बी डिजिटल ही त्यांतील प्रसिद्ध, डीटीएस ही दुसरी. पीसीएम म्हणजे सरळ गद्य; कोणतेंही यंत्र तें वाचतें. डॉल्बी म्हणजे सूत्र. सूत्रांत थोड्या अक्षरांत पुष्कळ सांगितलेलें असतें, पण ज्यानें शास्त्र पढलें नाहीं त्यास त्यांतून कांहींच बोध होत नाहीं. स्वस्तांतले पुष्कळ साउंडबार, आणि दोनचारशें रुपयांस मिळणाऱ्या रूपांतराच्या डब्या, केवळ गद्य वाचणाऱ्या असतात. त्यांच्या हातीं सूत्र दिलें कीं त्या गप्प बसतात. हा त्यांचा सुसंस्कृतपणाच समजावा. सूत्र गद्य समजून वाचूं लागल्या असत्या, तर घरभर कर्कश गोंगाट झाला असता.

आमच्या घरीं गेल्या चातुर्मासांत हेंच घडलें. आमच्या मातोश्रींचें वय सत्त्याऐंशी. त्यांच्या कानांस साउंडबार हीच काठी. दिवेलागण झाली कीं त्या पुढल्या खोलींत येऊन बसत आणि टीव्हीवरील कीर्तन ऐकत. बुवांचें कोठें चुकलें तर जागच्या जागीं बोलूनही दाखवीत. नवा सेट-टॉप बॉक्स आला आणि कीर्तन मुकें झालें. टीव्हीच्या स्वतःच्या कर्ण्यांवर आम्हां सर्वांचें भागत होतें, त्यामुळें घाई कोणासच नव्हती. "अरे, चित्र दिसतंय ना, पुरे आहे मला," असें त्या म्हणत. बाकीचे हसले कीं क्षणभर मागाहून त्याही हसत. नवव्या दिवशीं त्या बाहेर आल्याच नाहींत. माजघरांत जपमाळ घेऊन बसल्या. तेव्हां कोठें घराचे डोळे उघडले. एका दुकानदारानें साउंडबार पाहिला, आंतील भाग गेला म्हणून सांगितलें व नवा घेण्याचा सल्ला दिला. पैसे काढण्याची तयारीही झाली होती.

तेवढ्यांत आमची नात, जी यंदा दहावीस आहे, म्हणाली, "आजोबा, बातम्या ऐकूं येतात आणि कीर्तनच कां येत नाहीं? आणि हीच वाहिनी जुन्या क्रमांकावर लावली तर बोलते!" खरोखरच तसें होतें. तीच वाहिनी, तेच बुवा. साध्या क्रमांकावर आवाज आहे, एचडी क्रमांकावर नाहीं. न्यायशास्त्रांत ज्यास अन्वय-व्यतिरेक म्हणतात तो याहून स्वच्छ कोठें सांपडावा? ज्याच्या असण्यानें कार्य होतें आणि ज्याच्या नसण्यानें होत नाहीं, तें कारण. तार दोन्ही वेळीं तीच, साउंडबार तोच, टीव्ही तोच. म्हणून हे तिघेही सुटले. बदलला तो केवळ आवाजाचा बांधा. पुष्कळ एचडी वाहिन्या आवाज डॉल्बीच्या गांठोड्यांत धाडतात, आणि टीव्ही तें गांठोडें न सोडतां तसेंच साउंडबारच्या पदरांत टाकीत होता. टीव्हीच्या सेटिंगमध्यें 'साउंड' किंवा 'ध्वनि' या सदराखालीं 'डिजिटल आउटपुट' म्हणून एक ओळ असते. तेथें 'ऑटो' होतें, नातीनें 'पीसीएम' केलें. गांठोडें आतां टीव्ही स्वतः सोडूं लागला आणि बुवांचा आवाज घुमला. खर्च शून्य रुपये.

पीसीएम केल्यानें पांच-सहा दिशांचा आवाज दोहोंत मिसळतो हें खरें; ज्यांच्या घरीं खोलीभर निरनिराळे कर्णे मांडलेले आहेत त्यांनीं हा उपाय केवळ परीक्षेपुरता करावा. ज्या पट्टींत मुळांत दोनच कर्णे आहेत, तिच्या मालकाचें यांत कांहींच जात नाहीं. तरी दुकानांत सहा दिशांचें स्तोत्र ऐकून आलेले तरुण पीसीएम म्हटलें कीं नाक मुरडतात, त्यास इलाज नाहीं.

आतां दोष खरोखर वाटेंतच असेल तर तो कसा ओळखावा? नियम एकच: एका वेळीं एकच वस्तु बदलावी. दोन बदलल्या आणि आवाज आला, तर कोणामुळें आला हें ब्रह्मदेवासही सांगतां येणार नाहीं. प्रथम साउंडबारला ब्लूटूथनें मोबाइल जोडून एखादें गाणें लावावें. तें वाजलें तर पट्टीचे कर्णे शाबूत आहेत, दुकानाची पायरी चढण्याचें कारण नाहीं. मात्र प्रयोग होतांच मोबाइल तोडावा व रिमोटनें पट्टीस पुन्हां तारेच्या दारावर आणावें. घरांतील एखाद्या नातवाच्या मोबाइलनें पट्टी परस्पर पळविलेली असते आणि टीव्ही मुका झाला म्हणून सारें घर हळहळत असतें, असे प्रकार थोडे नाहींत.

प्रकाशानें आवाज नेणारी जी काळी बारीक तार असते, तिला ऑप्टिकल म्हणतात. तोशिबा कंपनीनें ती 1983 सालीं आणली. तिच्या टोंकास नवी असतांना पारदर्शक टोपण असतें. तें न काढतांच तार खुपसणारे पुष्कळ आहेत. टीव्हीच्या बाजूस लावून दुसरें टोंक तळहातावर धरावें. तांबडा ठिपका पडला पाहिजे. ठिपका नसेल तर तार कोठें तरी मोडली आहे, किंवा टीव्हीचें तें दार सेटिंगमध्यें बंद आहे. ठिपका असेल तर एवढेंच सिद्ध होतें कीं दिवा जळत आहे. त्या प्रकाशांत गद्य आहे कीं सूत्र, हें तळहातास कळत नाहीं. शिवाय ही तार एकमार्गी आहे. टीव्ही बोलतो, पट्टी ऐकते. मला हें समजत नाहीं असें पट्टीला उलट सांगतां येत नाहीं. आमच्या घरचें भांडण याच तारेवरचें होतें.

एचडीएमआयची तार याहून शहाणी, म्हणूनच अधिक मानी. तिच्यांत दोन्ही यंत्रें एकमेकांस आधीं विचारून घेतात: तुला काय काय समजतें? हा कुशलप्रश्न मध्येंच फिसकटला तर दोघेंही रुसून बसतात. अशा वेळीं दोन्हींचीं बटनें भिंतीपाशीं बंद करून दोनचार मिनिटें थांबावें व मग सुरू करावीं. रिमोटनें निजविलेलें यंत्र पुरतें बंद झालेलें नसतें. दाराची गोष्ट वर आलीच आहे. टीव्हीकडून आवाज उलट दिशेनें बाहेर नेण्याची सोय 2009 सालीं एचडीएमआयमध्यें आली. तिला एआरसी म्हणतात आणि ही अक्षरें ज्या दारावर छापलेलीं असतील तेंच महाद्वार. शेजारचीं दारें दिसावयास तंतोतंत तशींच असतात, तार त्यांत गोडीनें बसते, आणि आवाज येत नाहीं. साउंडबारच्या बाजूसही दोन दारें असल्यास हींच अक्षरें पाहावीं. याशिवाय सीईसी नांवाची परवानगी सेटिंगमध्यें चालू असावी लागते. तिला प्रत्येक कारखानदारानें आपापलें निराळें नांव ठेवून जगाचा छळ मांडला आहे.

पेनड्राईव्हवरून लावलेला एखादाच चित्रपट मुका असेल तर खटपट करूंच नये. त्याचा आवाज डीटीएसमध्यें बांधलेला असण्याचा संभव आहे, आणि कित्येक टीव्ही तें शास्त्र मुळींच शिकलेले नसतात.

एका वेळीं एक वस्तु, आणि शंका आली तर दुसऱ्या ठिकाणीं पडताळा, ही रीत आमच्या औंढ्याच्या परिसरांतच फार मोठ्या प्रमाणावर पाहावयास मिळणार आहे. लायगो-इंडिया ही गुरुत्वलहरी टिपणारी वेधशाळा येथें उभी राहत आहे. तिच्या दोन भुजा प्रत्येकीं 4 किलोमीटर लांब असतील, आणि 2023 सालीं केंद्र सरकारनें तिच्यासाठीं 2,600 कोटि रुपये मंजूर केले. अमेरिकेंतील अशा दोन वेधशाळांनीं 14 सप्टेंबर 2015 रोजीं पहिली लहर टिपली. एकीवर तिथल्या तिथें कांहीं हादरलें असेल अशी शंका घेतां आली असती. परंतु सुमारें 3,000 किलोमीटर दूर असलेल्या दुसरीवरही सेकंदाच्या शंभराव्या भागाच्या आंत तोच आकार उमटला. त्या लहरीची कंपनसंख्या माणसाच्या कानाच्या टप्प्यांतली होती, म्हणून शास्त्रज्ञांनीं ती कर्ण्यावर वाजवून पाहिली. पांखराच्या एका चिवचिवाटाएवढाच तो आवाज. शंभर कोटींहून अधिक वर्षें वाट चालून आलेला आवाज ऐकूं येतो, आणि चार हात लांबीच्या तारेंतला येत नाहीं!

राहतां राहिली एक तक्रार. आवाज येतो, पण ओठ आधीं हलतात आणि शब्द मागाहून पडतात. ब्लूटूथनें जोडलेल्या पट्टींत हें फार होतें, कारण आवाज बांधून धाडण्यांत व पलीकडे सोडण्यांत वेळ जातो. तेथें तार लावावी. तार असूनही उशीर होत असेल तर टीव्हीच्या व पट्टीच्या सेटिंगमध्यें 'ऑडिओ डिले' किंवा 'सिंक' अशी ओळ शोधून तिचा आंकडा शून्यावर आणावा. हा आंकडा वाढविला तर आवाज आणखीच मागें पडतो. बोलणें ओठांच्या आधींच ऐकूं येत असेल तरच तो थोडा थोडा वाढवावा, आणि तेव्हां गाण्याच्या कार्यक्रमापेक्षां बातम्या लावून पाहावें. निवेदकाचे ओठ समोर स्पष्ट दिसतात.