काय गाळायचं, हे कळलं पाहिजे

केरळ उच्च न्यायालयाने १ नोव्हेंबर २०२५ पासून कनिष्ठ न्यायालयांतल्या साक्षी उतरवून घ्यायचं काम ‘अदालत एआय’ या यंत्रप्रणालीकडे सोपवलं आणि ‘आता स्टेनोचं काय?’ ही चर्चा पुन्हा सुरू झाली. आपल्याला ती नवी वाटायचं कारण नाही. सर्वोच्च न्यायालयात युक्तिवादांचं यंत्राकडून थेट शब्दांकन पहिल्यांदा झालं, ते २१ फेब्रुवारी २०२३ रोजी, शिवसेनेच्याच खटल्यात. राजकारणाच्या धुरळ्यात ते आपल्या लक्षात राहिलं नाही, इतकंच.

नोकऱ्यांचा हिशेब इतर मांडतीलच. मला ओढ आहे ती स्टेनोच्या विद्येची, शॉर्टहँडची.

आयझॅक पिटमनने १८३७ मध्ये मांडलेली पद्धत पाहा. ‘प’ला डावीकडून उजवीकडे उतरती तिरकी रेघ, ‘ट’ला उभी, ‘च’ला उलट बाजूने तिरकी, ‘क’ला आडवी. तीच रेघ दाबून जाड काढली की ब, ड, ज, ग. पहिल्याच धड्यात दोन रेघांत चार इंग्रजी शब्द हाती येतात. दोन्ही बारीक तर पॅट, दुसरी जाड तर पॅड, पहिली जाड तर बॅट, दोन्ही जाड तर बॅड. या शब्दांतला स्वर म्हणजे शेजारचा एक ठिपका. हात बसला की तोही गळतो. मग शब्द ओळीच्या वर आहे, ओळीवर आहे की ओळीला छेदून गेलाय, यावरून स्वर ताडायचा.

आता हा क्रम बघा: प-ब, ट-ड, च-ज, क-ग. ओठांपासून निघून घशाकडे. आपली वर्णमाला कंठातून निघते आणि ओठांशी येते. पिटमनचा तक्ता मागून वाचला, तर पहिलीच्या वर्गातल्या भिंतीवर येऊन पोचतो! उच्चाराच्या जागेनुसार वर्ग पाडायची शिस्त मराठी मुलाला सहाव्या वर्षीच मिळते. तरी शॉर्टहँड म्हणजे साहेबाची अवघड विद्या, ही धास्ती घेऊनच पोरं क्लासात बसतात.

काटकसरही आपल्याला परकी नाही. ‘साष्टांग नमस्कार विनंती विशेष’ या तेरा अक्षरांचं काम आजोबांच्या पत्रातलं ‘सा. न. वि. वि.’ चारांत उरकायचं. मोडीत तर ओळीची रेघ आधीच ओढून ठेवायची आणि ऱ्हस्व-दीर्घाची फिकीर न करता बोरू पळवायचा. दफ्तरातल्या कारकुनाला वेळ कुठे होता?

सरकारी भरतीत लघुटंकलेखकाला मिनिटाला ८० शब्दांचा वेग लागतो, निम्नश्रेणी लघुलेखकाला १००, उच्चश्रेणीला १२०. साध्या अक्षरात माणूस पंचवीस-तीसच्या आसपासच दमतो. मधलं अंतर रोजच्या डिक्टेशननेच कापलं जातं. पण खरा कस लागतो तो नंतर, आपल्याच रेघा वाचताना. स्वर गाळलेले असतात, त्यामुळे ऐकताना अर्थ कळला असेल तरच शब्द लागतो. यंत्राचं कौतुक करताना कानाची ही तालीम आपण मोडीत काढतोय, असं मला वाटतं.

विद्यार्थ्यांना मात्र एक इशारा. म्युलर आणि ओपनहायमर यांच्या २०१४ मधल्या गाजलेल्या प्रयोगात लॅपटॉपवर नोंदी घेणारे जवळपास शब्दशः उतरवत होते आणि संकल्पनांवरच्या प्रश्नांत हाताने लिहिणाऱ्यांच्या मागे पडले. पुढच्या प्रयोगांत हा फरक इतका ठळक दिसला नाही, तरी धोका खरा आहे. शॉर्टहँड शिकून सरांचं वाक्यन् वाक्य टिपत बसलात, तर वही भरेल आणि डोकं रिकामं राहील. वाचलेला वेळ ऐकण्यात घालवा.

नुसत्या नोंदींसाठी सगळा पिटमन पाठ करायची गरज नाही. तुमच्या विषयात रोज येणारे वीस शब्द निवडा, त्यांच्या खुणा ठरवा आणि वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा. नोकरी हवी असेल, तर रीतसर क्लास लावा आणि शंभरच्या अलीकडे थांबू नका. फक्त जाताना पेन्सिल न्या. बॉलपेनला ‘प’ आणि ‘ब’ यांतला फरक कळत नाही.